विकट ताप: हसवणाऱ्या आणि थकवणाऱ्या आजाराबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

डंजन्स अँड ड्रॅगन्स हा टेबलाभोवती बसून, पात्रं रंगवत आणि फासे टाकत खेळायचा गोष्टीचा खेळ. तो खेळणाऱ्या मराठी टेबलांवर ‘कॅकल फीव्हर’ हा खेळातला काल्पनिक आजार (आमचा ‘विकट ताप’) आला की तेच ते प्रश्न निघतात. काही नियमांचे असतात, काही त्या आजाराशी कसं वागायचं याचे. मी गेली काही वर्षं डंजन मास्टर, म्हणजे गोष्ट सांगणारा आणि नियम लावणारा, म्हणून खेळ चालवतो आणि हा आजार मला फार जवळचा वाटतो. नियमांच्या पुस्तकात त्याला अर्धं पानही मिळालेलं नाही, पण तेवढ्यात आजारपण आणि शुश्रूषा यांचं नातं जितकं नीट पकडलंय तितकं मोठमोठ्या राक्षसांच्या वर्णनातही सापडत नाही. खालची उत्तरं पाचव्या आवृत्तीच्या २०१४ च्या नियमांप्रमाणे आहेत. जिथे माझं मत आहे तिथे तसं म्हटलंय.

हा आजार आहे तरी काय?

ताप येतो, भान हरपतं, आणि मधूनमधून वेड्यासारखं हसू फुटतं. लागण झाल्यावर एक ते चार तासांत (चार बाजूंचा फासा टाकायचा) लक्षणं दिसू लागतात. लक्षणं दिसताक्षणी थकव्याची एक पातळी अंगाला चिकटते आणि आजार असेपर्यंत ती निघत नाही. त्यानंतर मनावर ताण आला की हसण्याचा झटका येऊ शकतो. झटक्यात माणूस हतबल होतो आणि जवळच्यांना लागण होते.

म्हणजे दोन गोष्टी एकत्र: न उतरणारा थकवा आणि न आवरणारं हसू. मराठीला ही जोडी नवी नाही. हसता हसता पुरेवाट होणं, हसून मुरकुंडी वळणं, पोट धरून गडाबडा लोळणं, या सगळ्यांत हसण्यानं अंगातलं बळ जातं हेच आपण म्हणत आलोय. या आजारात त्यातला आनंद काढून घेतलाय आणि पुरेवाट तेवढी ठेवलीय.

मराठीत त्याला काय म्हणायचं?

‘हसरा ताप’ म्हणू नका. हसरा म्हटलं की हसरं मूल, हसरा चेहरा आठवतो. ‘खिदळताप’ आम्ही काही दिवस वापरून पाहिलं, पण खिदळणं पोरांचं आणि मैत्रिणींचं असतं, त्यात भीती नाही. चेटकीण हसते ते विकट हास्य, म्हणून आमच्या टेबलावर ‘विकट ताप’ रुळलं. पुस्तकात या आजाराचं एक लोकांमधलं टोपणनावही आहे, त्याचा अर्थ होतो ‘किंकाळ्या’. गावातली म्हातारी पात्रं बोलताना तेच वापरा. “पलीकडच्या आळीत किंकाळ्या आल्यात” हे वाक्य ऐकल्यावर खेळाडू आपोआप खुर्चीत सावरून बसतात.

लागण कशी होते?

झटका चालू असलेल्या रुग्णापासून १० फुटांच्या आत ज्या मानवसदृश प्राण्याचा टर्न (खेळायची पाळी) सुरू होतो, त्याला कॉन्स्टिट्यूशनचा, म्हणजे शरीराच्या काटकपणाचा, सेव्ह करावा लागतो: वीस बाजूंचा फासा टाकायचा, पात्राचा बोनस मिळवायचा आणि ठरलेला आकडा, म्हणजे डीसी, गाठायचा. डीसी १०. फसला की लागण. सेव्ह झाला तर त्या एका रुग्णाच्या हसण्यापासून २४ तास अभय, दुसऱ्या रुग्णापासून नाही.

इथे तीन शब्द नीट वाचायचे: ‘झटका चालू असलेल्या’, ‘१० फुटांच्या आत’ आणि ‘टर्न सुरू होतो’. रुग्ण हसत नसेल तर त्याच्या उशाशी बसून भरवलंत, कपाळावर ओली पट्टी ठेवलीत, तरी काहीही होत नाही. पाच फुटांच्या चौकटी असलेल्या नकाशावर १० फूट म्हणजे फक्त दोन घरं. आणि तुमचा टर्न तीन घरांवर सुरू झाला, तुम्ही आत गेलात, रुग्णाला हात लावून उपचार केलात आणि त्याच टर्नमध्ये परत तीन घरं लांब आलात, तर सेव्ह करावाच लागत नाही. ३० फुटांची चाल असणाऱ्या कुणालाही हे सहज जमतं.

ही पळवाट आहे, असं एका खेळाडूनं मला म्हटलं होतं. मला तसं वाटत नाही. आजार समजून घेऊन जवळ जाणाऱ्याला नियमानं दिलेली ती वाट आहे. घाबरून लांब उभा राहणारा आणि कसंही करून धावत सुटणारा, दोघांपेक्षा तिसऱ्याला जास्त यश येतं. शुश्रूषेत असंच असायला हवं.

कानात बोळे घातले किंवा सायलेन्स मंत्र टाकला तर लागण टळेल का?

नाही. नियमात ऐकण्याचा उल्लेखच नाही, फक्त अंतराचा आहे. तिसऱ्या आवृत्तीत हा आजार श्वासातून पसरायचा, त्यामुळे तोंडाला फडकं बांधणाऱ्या खेळाडूला मी सेव्हवर अॅडव्हांटेज (दोन फासे टाकून मोठा आकडा धरायचा) देतो. तो माझ्या टेबलाचा नियम आहे, पुस्तकाचा नाही.

थकव्याची पहिली पातळी म्हणजे सगळ्याच फाशांवर डिसअॅडव्हांटेज का?

सर्वांत जास्त चुका इथेच होतात. पहिल्या पातळीला डिसअॅडव्हांटेज फक्त अॅबिलिटी चेकवर, म्हणजे काही करून पाहताना टाकायच्या फाशावर. हल्ल्यावर नाही, सेव्हवरही नाही. ते दोन्ही तिसऱ्या पातळीला सुरू होतं. मधली दुसरी पातळी चाल निम्मी करते. चौथीला कमाल हिट पॉइंट (पात्राचं जीवबळ) निम्मे होतात, पाचवीला चाल शून्य होते, सहावीला मृत्यू.

पण पहिली पातळी हलकी समजू नका. इनिशिएटिव्ह, म्हणजे लढाईत कुणाची पाळी आधी ते ठरवणारा फासा, हा डेक्स्टेरिटीचा (चपळाईचा) चेक आहे, म्हणजे आजारी माणूस प्रत्येक लढाईत उशिरा जागा होतो. कुणी पकडून ठेवलं तर सुटायचा चेक, काउंटरस्पेलनं वरच्या पातळीचा मंत्र तोडायचा चेक, जखम ओळखायचा मेडिसिनचा चेक, सगळ्यांत दोन फासे टाकून छोटा आकडा धरायचा. मोठं काही मोडत नाही, रोजची कामं मात्र जड होतात. थकलेल्या माणसाचं हेच तर असतं.

रात्रभर झोप काढली की एक पातळी उतरते ना?

एरवी उतरते, पोटात अन्नपाणी गेलं असेल तर. या आजाराची पातळी उतरत नाही. सक्तीच्या वाटचालीनं वगैरे आणखी पातळ्या चढल्या तर त्या लाँग रेस्टनं (रात्रभराच्या विश्रांतीनं) उतरतील, पण एकीच्या खाली जाणार नाही. ग्रेटर रेस्टोरेशन मंत्रसुद्धा ती एक पातळी काढू शकत नाही. आधी आजार जायला हवा.

आणि आजार गेला म्हणजे पातळी त्याच क्षणी गेली असंही नाही. नियम एवढंच म्हणतो की आजार असेपर्यंत ती काढता येत नाही. म्हणजे बरं झाल्यावर एक लाँग रेस्ट लागतो. टायफॉइडमधून उठलेल्या माणसाला जिना चढताना काय होतं ते ज्यानं पाहिलंय त्याला हे पटेल. ताप उतरला तरी अशक्तपणा उरतो.

झटका नेमका कधी येतो?

मोठा ताण आला की. लढाईला तोंड फुटणं, इजा होणं, भीती वाटणं, दुःस्वप्न पडणं ही पुस्तकातली उदाहरणं आहेत. डीसी १३ चा कॉन (कॉन्स्टिट्यूशन) सेव्ह. फसला तर दहा बाजूंच्या एका फाशाइतकी मानसिक इजा, शिवाय एक मिनिट वेडं हसू आणि इनकपॅसिटेटेड (हतबल) अवस्था. प्रत्येक टर्नच्या शेवटी पुन्हा सेव्ह करून त्यातून बाहेर पडता येतं.

विनोद ऐकून झटका येत नाही. हे मुद्दाम सांगतो, कारण नवा डंजन मास्टर हमखास बार्डला (गाण्या-गोष्टींतून जादू करणाऱ्या पात्राला) विनोद सांगायला लावून रुग्णाला सेव्ह करायला लावतो. या आजाराचा विनोदाशी काहीही संबंध नाही. हसू येतं ते भीतीनं, वेदनेनं, वाईट स्वप्नानं. रुग्णाला हसावंसं वाटत नसतं.

झटक्यातल्या इजेमुळे पुन्हा ‘इजा झाली’ म्हणून नवा सेव्ह, असं चक्र चालू राहतं का?

अक्षरशः वाचलं तर तसं निघतं. तसं खेळवू नका. हतबल होऊन पडलेल्या माणसाला त्याच झटक्यानं पुन्हा झटका देण्यात काही अर्थ नाही, आणि पहिल्या लेव्हलचा, म्हणजे अगदी नवखा, विझर्ड (जादूगार) एका वाक्याच्या शब्दार्थामुळे मरेल. माझा नियम: झटका चालू असताना नवा झटका नाही. शून्य हिट पॉइंटवर बेशुद्ध पडलेल्यालाही नाही.

झटक्यात काय काय करता येत नाही?

अॅक्शन नाही, रिअॅक्शन नाही. कॉन्सन्ट्रेशन, म्हणजे मंत्र चालू ठेवायची एकाग्रता, तत्काळ तुटतं, आणि याचा फटका लोकांना उशिरा कळतो: आजारी क्लेरिकनं (पुजारी पात्रानं) सोबत्यांवर टाकलेला ब्लेस हा मंत्र त्याच्या पहिल्या झटक्यासरशी जातो. चालता मात्र येतं. टॅशाज हिडियस लाफ्टर या मंत्रात माणूस जमिनीवर कोसळतो, म्हणून दोन्हींची गल्लत होते. विकट तापात तो उभाच असतो, हसत हसत धडपडत तुमच्याकडे येऊ शकतो. मदतीसाठी येणारा माणूस आणि त्याच्याबरोबर येणारं ते १० फुटांचं वर्तुळ. माझ्या टेबलावर यापेक्षा जास्त शांतता मी कुठल्या ड्रॅगनपुढे पाहिली नाही.

जादू नसेल तर माणूस बरा कसा होतो?

प्रत्येक लाँग रेस्टच्या शेवटी कॉन सेव्ह, सुरुवातीला डीसी १३. यश आलं तर सहा बाजूंचा फासा टाकायचा आणि तेवढ्यानं डीसी कमी करायचा. हा कमी झालेला डीसी रात्रीच्या सेव्हलाही लागू आणि झटक्याच्या सेव्हलाही. शून्यावर आला की आजार गेला.

हिशेब मांडून पाहा. कॉनला काहीच बोनस नसेल तर पहिल्या रात्री यशाची शक्यता ४० टक्के. +२ असेल तर ५० टक्के. फासा सरासरी साडेतीन पडतो, म्हणजे साधारण चार यशस्वी रात्री लागतात. नशीब जोरावर असेल तरी किमान तीन. पण एकदा यश मिळालं की पुढचं सोपं होत जातं. +२ वाल्याचा डीसी ३ किंवा त्याखाली आला की सेव्ह फसूच शकत नाही, कारण २०१४ च्या नियमांत सेव्हवर एक पडला म्हणून आपोआप अपयश येत नाही. म्हणजे सगळा धोका पहिल्या दोन-तीन रात्रींत आहे. वैद्य पात्र असेल तर त्याच्या तोंडी हेच घाला: “तीन रात्री सांभाळा, पुढचं मी बघतो.”

बार्ड, ड्रुइड, क्लेरिक काय करू शकतात?

लेसर रेस्टोरेशन हा मंत्र टाकला की आजार संपला. तिघांनाही तो तिसऱ्या लेव्हलला मिळतो. स्पर्श करावा लागतो एवढंच. वरच्या लेव्हलला हील मंत्रही आजार घालवतो. एलिक्सर ऑफ हेल्थ किंवा कीओटमचं मलम मिळालं तर जादूगार लागतही नाही. पेरिअॅप्ट ऑफ हेल्थ गळ्यात असेल तर आजार दबून राहतो, काढलं की परत.

मंत्र शिल्लक नसेल तर बार्डनं इन्स्पिरेशनचा फासा द्यावा. तो सेव्हला चालतो. लढाईआधी हीरोइझम टाकला तर भीतीच्या अवस्थेपासून तरी रुग्ण वाचतो. एन्हान्स अॅबिलिटी मात्र टाकू नका. त्यातला अस्वलाच्या काटकपणाचा पर्याय कॉन चेकना मदत करतो, सेव्हना नाही. आमच्याकडे यात दोन मंत्र वाया गेले होते.

ड्वॉर्फला आजार होत नाही ना?

होतो. या बुटक्या जमातीचा जन्मजात कणखरपणा विषाविरुद्ध आहे, आजाराविरुद्ध नाही. कॉन सेव्हला प्रावीण्य असलेले बार्बेरियन, फायटर, सॉर्सरर तुलनेनं सुखात असतात. दहाव्या लेव्हलचा मंक आजारापासून पूर्ण मुक्त. घोडा, कुत्रा, घुबड यांना लागण होत नाही, कारण हा आजार फक्त मानवसदृशांना होतो.

पॅलडिनबद्दल तुम्ही नेहमी वेगळं बोलता. का?

कारण या आजाराचं आणि पॅलडिनचं माप एकच आहे.

पॅलडिन म्हणजे व्रतस्थ योद्धा. पहिल्या लेव्हललाच त्याच्याकडे ले ऑन हँड्सचे, म्हणजे हाताच्या स्पर्शानं बरं करायचे, ५ पॉइंट असतात आणि नेमके ५ खर्च करून एक आजार घालवता येतो. तिसऱ्या लेव्हलला त्याला स्वतःला आजार होणं थांबतं. सहाव्या लेव्हलला त्याच्याभोवती एक तेजोवलय येतं: त्याच्यासकट जवळच्या प्रत्येक मित्राला सेव्हवर त्याच्या करिश्म्याचा बोनस. त्या वलयाची त्रिज्या किती? १० फूट.

म्हणजे ज्या १० फुटांत हसणं पसरतं, त्याच १० फुटांत त्याचं असणं वाचवतं. समजा मंत्र संपलेत, ले ऑन हँड्सही संपलंय, एकाच वाड्यात पाच रुग्ण आहेत. अशा वेळी पॅलडिननं फक्त मधोमध बसून राहायचं. +३ करिश्मा असेल तर ४० टक्क्यांचे ५५ टक्के होतात. फक्त तो शुद्धीवर हवा; झोपला की वलय नाही. त्यामुळे रुग्ण पहाटे उठतात, सेव्ह करतात, त्या क्षणी तो जागा असायला हवा. आमच्या एका मोहिमेत पॅलडिन खेळणारी मुलगी चार रात्री सगळ्यांच्या आधी उठायची आणि मला न विचारता सांगायची, “मी जागी आहे.” एकही राक्षस न मारता ते पात्र आमच्या टेबलाचं नायक झालं.

रात्रीचा मुक्काम कसा मांडायचा?

विचारपूर्वक. दुःस्वप्नानं झटका येतो हे विसरू नका. रुग्ण मध्यरात्री हसत उठला आणि शेजारी चौघं गाढ झोपलेले असतील, तर प्रत्येकाला डीसी १० चा सेव्ह. बोनस नसलेल्याला ४५ टक्के लागणीची भीती. तेव्हा अंथरूणं तीन घरं लांब घाला, पहारेकऱ्याला रुग्णाचं तोंड दिसेल असं बसवा. रुग्ण झटक्यात चालू शकतो हेही लक्षात असू द्या.

एक मिनिटाच्या झटक्यानं लाँग रेस्ट मोडत नाही, त्यासाठी निदान तासभर दगदग लागते. झोप मोडली असं खेळाडूला वाटेल, पण हिशेबात ती पूर्ण धरा. गावात, वाड्यात प्रसंग असेल तर मी घरचं माणूस कुठे झोपतं ते नेहमी विचारतो. आई तीन घरं लांब झोपेल का?

नोमना हा आजार का होत नाही?

नोम ही खेळातली एक ठेंगणी जमात. त्यांना हा आजार होत नाही याचं पुस्तक कारण देत नाही, फक्त आश्चर्य व्यक्त करून पुढे जातं. मला ही रिकामी जागा या आजारातली सर्वांत मोलाची वाटते. शहरात साथ आली, घरोघरी लोक हसत पडलेत, आणि नोमांच्या वस्तीत कुणालाच काही नाही. आता गावकरी काय म्हणतील?

युरोपात १३४८-४९ च्या प्लेगमध्ये ज्यूंनी विहिरींत विष कालवलं अशी आवई उठली आणि वस्त्याच्या वस्त्या मारल्या गेल्या. स्ट्रासबुर्गमध्ये फेब्रुवारी १३४९ मध्ये शेकडो ज्यूंना जाळलं. प्लेगनं ज्यूही मरत होते, तरी संशय थांबला नाही. मग जे खरोखरच आजारी पडत नाहीत त्यांचं काय होईल? तुमच्या खेळात नोम परिचारक असू शकतात, साऱ्या शहरात १० फुटांच्या आत निर्धास्त बसू शकणारे मुख्यतः तेच. त्याच रात्री त्यांच्या दारावर जमावही असू शकतो. दोन्ही एकाच गल्लीत दाखवा. खेळाडूंना काय करायचं ते सांगावं लागणार नाही.

१० फुटांच्या आत जायचं कशाला? लांबून जाऊया की!

हा प्रश्न दर वेळी कुणीतरी विचारतंच, आणि तो वाईट नाही. स्वतःला जपणं हेही पात्राचं सत्य असू शकतं. मी एवढंच सांगतो की आपल्याकडे याचं एक उत्तर होऊन गेलंय. १८९७ च्या प्लेगमध्ये सावित्रीबाई फुले मुंढव्याच्या एका आजारी मुलाला पाठीवर घेऊन आपल्या मुलाच्या, डॉ. यशवंतच्या, दवाखान्यापर्यंत गेल्या. त्यांना लागण झाली आणि १० मार्च १८९७ ला त्या गेल्या. त्यांच्याकडे ना मंत्र होता ना अभय. खेळात निदान सेव्ह तरी असतो.

तीन सेव्ह फसले की वेड लागतं म्हणजे काय?

रात्रीचे तीन सेव्ह फसले (सलग असायला हवेत असं नाही) की कायमस्वरूपी वेडाचा एक प्रकार फाशानं ठरतो. तो आपणहून जात नाही. घालवायला ग्रेटर रेस्टोरेशन किंवा त्याहून मोठी जादू लागते, लेसर पुरत नाही.

हा भाग मी पुस्तकाप्रमाणे खेळवत नाही. तक्त्यात साधेसुधे दोष आहेत आणि एकदम माणसं मारायची आवड लागणंही आहे. ताप येऊन गेलेल्या माणसाला खुनाची चटक लागते, हे मानसिक आजाराबद्दलचं जुनं आणि दुखावणारं चित्र आहे. टेबलावर बसलेल्यांपैकी कुणाच्या घरी कुणी आजारी असेल, आपल्याला माहीत नसतं. मी फासा बाजूला ठेवतो आणि त्या खेळाडूशी बोलून ठरवतो: या तापानं तुझ्या पात्रात काय मागे ठेवलं? एकानं सांगितलं, तो यापुढे कधीच मोठ्यानं हसणार नाही. वर्षभराच्या खेळात त्यानं ते पाळलं. तक्त्यात यापेक्षा खरं काही नव्हतं.

खऱ्या जगात असा आजार आहे का?

हुबेहूब नाही, पण जवळपासचे बरेच आहेत आणि ते वाचल्यावर हा आजार खेळवायची रीत बदलते.

साथ पाहायची तर टांगानिका (आजच्या टांझानियाचा भाग). व्हिक्टोरिया सरोवराजवळच्या काशाशा गावातल्या मुलींच्या निवासी शाळेत ३० जानेवारी १९६२ ला तीन मुली हसू लागल्या. १५९ पैकी ९५ मुलींपर्यंत ते पोचलं. कुणाचं काही तासांत थांबलं, कुणाचं १६ दिवस चाललं. मध्येच रडणं, अस्वस्थ पळापळही होती. १८ मार्चला शाळा बंद करावी लागली, मुली घरी गेल्या आणि त्यांच्याबरोबर ते गावागावांत गेलं. विषाणू सापडला नाही, अन्नात विष सापडलं नाही. ताणाखाली दबलेल्या समूहाचं शरीर असं बोलतं, असं आज मानलं जातं. एकाही शिक्षकाला काही झालं नव्हतं. नोमांची गोष्ट इतकी अशक्य नाही.

हसू आणि थकवा यांची जोडी पाहायची तर कॅटाप्लेक्सी. नार्कोलेप्सीच्या एका प्रकारात मेंदूत जाग टिकवणारं हायपोक्रेटिन हे रसायन फार कमी होतं. दिवसभर अनावर झोप येते, आणि मनापासून हसलं की अंग गळतं: गुडघे वाकतात, जबडा लोंबतो, कधी माणूस खाली बसतो. शुद्ध जात नाही. काही सेकंद, एखाद-दोन मिनिटं, आणि मग सगळं पूर्ववत. या माणसांना आनंदाची किंमत मोजावी लागते. कित्येक जण मित्रांत मोकळं हसायचं टाळतात.

आणि भावनेशिवायचं हसू पाहायचं तर पक्षाघात, मल्टिपल स्क्लेरोसिस किंवा चेतापेशींच्या काही आजारांनंतर येणारं अनावर हसणं-रडणं. मनात दुःख असतं आणि चेहरा हसतो. हायपोथॅलॅमसमधल्या एका गाठीमुळे लहान मुलांना हसण्याचे फेफरेही येतात. पापुआ न्यू गिनीतल्या फोरे लोकांच्या कुरू आजाराला वर्तमानपत्रांनी हसता मृत्यू असं नाव दिलं होतं. खुद्द फोरे भाषेत कुरू म्हणजे थरथर. बाहेरच्यांना हसू दिसलं, घरच्यांना कापणारं अंग.

मग टेबलावर झटका कसा सादर करायचा?

हसून दाखवू नका. पहिल्यांदा मी हसून दाखवलं होतं आणि सगळे हसले, प्रसंग गेला. आता मी बाकीचं सांगतो: डोळ्यांतून पाणी येतंय, बरगड्या दुखतायत, श्वास पुरत नाहीये, आणि तो तुमच्याकडे बघून हातानं “लांब व्हा” असं खुणावतोय. मग गप्प बसतो.

आमच्या टेबलावर २०२४ ची पुस्तकं आहेत. फरक पडतो का?

पडतो. तिथे हा आजार जादुई साथरोग म्हणून येतो आणि थकव्याचा नियम बदललाय: प्रत्येक पातळीला डी-ट्वेंटीच्या (वीस बाजूंच्या फाशाच्या) प्रत्येक चाचणीतून २ वजा, म्हणजे सेव्हसुद्धा आले. वर मांडलेले टक्के तिथे लागू होत नाहीत. दोन आवृत्त्यांची सरमिसळ करत असाल तर सुरुवातीलाच कोणता थकवा धरायचा ते ठरवून घ्या. इंग्रजीतला २०१४ चा मूळ नियम वाचायला पुस्तक विकत घ्यावं लागत नाही. पाचव्या आवृत्तीचा मुक्त नियमसंच जानेवारी २०२३ पासून क्रिएटिव्ह कॉमन्सखाली आहे आणि हा आजार त्यात आहे.

कितव्या लेव्हलला आणावा?

पहिल्या-दुसऱ्याला, म्हणजे लेसर रेस्टोरेशन हाताशी यायच्या आधी. पाचवीनंतर तो एका मंत्राचा प्रश्न उरतो. तेव्हा एक माणूस आजारी पाडू नका, गाव आजारी पाडा: दिवसाला मंत्र चार, खाटा तीस.

माझं पात्र आजारी आहे. मी सगळा वेळ नुसतं बसून राहायचं का?

नाही. झटका जास्तीत जास्त दहा फेऱ्यांचा, बाकी वेळ तू चालू शकतोस, लढू शकतोस, बोलू शकतोस. लढाईआधी सोबत्यांना सांग की तू कुठे उभा राहशील, म्हणजे ते तीन घरं सोडून उभे राहतील. दुःस्वप्न काय पडतं ते तूच ठरव, मला सांग. आणि रात्री कुणी तुझ्या अंथरूणाजवळ येऊन बसलं, तर त्याला जा म्हणायचं की बस म्हणायचं, त्यासाठी मी कधीच फासा मागणार नाही.